कुत्र्या-मांजरांचा हृदयविकार वेळेत कसा ओळखावा: घरची मोजणी आणि दवाखान्यातल्या तपासण्या

हृदयाची झडप गळायला लागली तरी कुत्रा वर्षानुवर्षं नेहमीसारखा जेवतो, खेळतो, दारावरची बेल वाजली की भुंकतो. मांजर तर दुखणं लपवण्यात त्याहून तरबेज. त्यामुळे 'काही दिसलं तर नेऊ' म्हणणाऱ्यांचा प्राणी बहुतेकदा फुप्फुसात पाणी साचल्यावरच दवाखान्यात पोचतो. हा आजार सापडायला हवा तो त्याआधीच्या शांत काळात. घरी काय मोजायचं, कितीच्या पुढे काळजी करायची आणि डॉक्टरांकडे कोणती तपासणी कधी मागायची, ते पहिल्यांदाच प्राणी पाळणाऱ्यांसाठी क्रमाने देत आहोत.

पहिलं काम: झोपेतला श्वास मोजा

घरी करता येण्याजोग्या सगळ्या गोष्टींतली ही एकच निवडायची झाली तर हीच निवडावी. हृदयाला रक्त पुढे ढकलणं जमेनासं झालं की ते फुप्फुसांत तुंबतं, तिथे पाणी झिरपू लागतं आणि श्वासांची संख्या वाढते. ही वाढ धाप दिसण्याच्या बरीच आधी सुरू होते. डोळ्यांना ती कळत नाही, मोजणीत मात्र कळते.

प्राणी गाढ झोपल्यावर पंधरा-वीस मिनिटं जाऊ द्या. त्याला हात लावू नका, हाक मारू नका. बरगड्यांच्या मागची कूस बघत राहा. कूस वर आली आणि खाली गेली की एक श्वास. वर-खाली वेगवेगळं मोजलं तर आकडा दुप्पट होतो आणि रात्री अकराला डॉक्टरांना उगाच फोन जातो. नवख्यांची ही सर्वात नेहमीची चूक आहे. मोबाइलवर 60 सेकंद लावून पूर्ण मिनिट मोजा. 30 सेकंद मोजून दुप्पट केलं तरी चालतं, पण मग एका श्वासाची चूक दोनाची होते.

पंजे थरथरत असतील, ओठ हलत असतील तर ते स्वप्न आहे. तेव्हा श्वास उथळ आणि भराभर होतो, म्हणून ते ओसरेपर्यंत थांबा. मांजर घुरघुरत असताना मोजू नका. जीभ बाहेर काढून धापणाऱ्या कुत्र्याचा आकडाही निरुपयोगी, कारण तो धापून अंग थंड करत असतो. आपल्याकडे एप्रिल-मेमध्ये हे फार होतं. नागपूर-अकोल्याच्या उन्हाळ्यात दुपारच्या हॉलमध्ये निरोगी लॅब्रॅडॉरही मोठा आकडा दाखवेल. पहाटे, पंख्याखाली किंवा कूलरच्या खोलीत मोजा. स्पिट्झ किंवा पर्शियनसारख्या केसाळ प्राण्याची कूस नीट दिसत नसेल तर बाजूने मिनिटभराचा व्हिडिओ काढून नंतर सावकाश मोजा.

पहिल्या आठवड्यात तीन-चार वेळा मोजून तुमच्या प्राण्याचा नेहमीचा आकडा ठरवा. बहुतेक निरोगी कुत्र्या-मांजरांचा तो मिनिटाला 15 ते 25 च्या दरम्यान येतो. तो लिहून ठेवा. भिंतीवरच्या कालनिर्णयवर दुधाच्या हिशेबाशेजारी लिहिला तरी चालेल. निरोगी प्राण्याचा महिन्यातून एकदा मोजा, मर्मर (स्टेथोस्कोपमधून ठोक्यांसोबत ऐकू येणारा जादा फुसफुस आवाज) सापडलेल्याचा आठवड्यातून एकदा, आणि हृदय निकामी होऊन औषधं सुरू असलेल्याचा रोज.

आकडा 30 च्या वर गेला तर तासाभराने पुन्हा मोजा. दुसऱ्यांदाही तसाच आला तर त्याच दिवशी डॉक्टरांना कळवा. शांत झोपेत 40 च्या वर असेल तर सकाळची वाट बघू नका. आणि आकडा 30 च्या आत असूनही, नेहमी 16 असणारा सलग दोन-तीन दिवस 25-26 येत असेल तर तेही कळवण्यासारखंच आहे. म्हणून तर आधीचा आकडा लिहिलेला हवा.

ठोके, हिरड्या, वजन

कुत्रा उभा असताना डाव्या कोपराच्या लगेच मागे, छातीवर तळहात सपाट ठेवा. ठोके हाताला लागतात. 15 सेकंद मोजून चारने गुणा. मोठ्या कुत्र्याचे विश्रांतीत साधारण 60 ते 100, लहान जातीच्या कुत्र्याचे 140 पर्यंत. मांजराचे दवाखान्यात 140 ते 220 असू शकतात, घरी झोपेत बरेच कमी.

ठोके मोजताना पुष्कळजण एका गोष्टीने घाबरतात. निरोगी कुत्र्याचे ठोके श्वास आत घेताना जलद आणि सोडताना संथ होतात, म्हणजे ते एकसारखे नसतातच. हे चांगलं लक्षण आहे; हृदय निकामी होऊ लागलं की उलट ही लय नाहीशी होते आणि ठोके सतत जलद पडतात. काळजीची अनियमितता वेगळी असते: श्वासाशी काही संबंध नाही, मध्येच दोन ठोके चिकटून येतात, मग रिकामी जागा. अशा वेळी दुसऱ्या हाताची बोटं मागच्या मांडीच्या आतल्या बाजूला ठेवून तिथली नाडी बघा. छातीवर ठोका लागला आणि मांडीत नाडी आलीच नाही, असं वारंवार होत असेल तर ईसीजी करायलाच हवा.

हिरडीवर बोट दाबून सोडा. पांढरा डाग दोन सेकंदांच्या आत पुन्हा गुलाबी व्हायला हवा. आपल्या गावठी कुत्र्यांच्या हिरड्या पुष्कळदा काळ्या असतात, त्यांच्या ओठाची आतली बाजू किंवा खालच्या पापणीची आतली कड बघा. फिकट म्हणजे लगेच हृदय, असं मात्र धरू नका. आपल्याकडे फिकट हिरड्या, थकवा आणि वाढलेला श्वास यांमागे गोचीड ताप असण्याची शक्यता मोठी आहे. त्यात रक्त इतकं पातळ होतं की निरोगी हृदयातही मर्मर ऐकू येते. म्हणून एकोआधी (एको म्हणजे हृदयाची सोनोग्राफी) साधी रक्ततपासणी करून घेणं केव्हाही शहाणपणाचं.

वजन दर महिन्याला करा: कुत्र्याला कडेवर घेऊन काट्यावर उभं राहा आणि त्यातून स्वतःचं वजन वजा करा. पाठीच्या कण्याशेजारचं आणि खांद्यावरचं मांस झडतंय पण पोट सुटतंय, हे चिन्ह बरं नाही. हृदयाची उजवी बाजू थकली की पोटात पाणी साचतं आणि घरचे 'अंगाने भरलाय' असं समजून बसतात.

खोकला आणि चक्कर

लहान जातीच्या वयस्क कुत्र्याला खोकला आला की लोक हृदय समजतात, नाहीतर 'थंडी लागली' म्हणून महिनाभर सिरप पाजतात. पॉमेरेनियनमध्ये श्वासनलिका मऊ पडून आत दबण्याचा विकार फार आढळतो. तो खोकला कोरडा, बदकाच्या ओरडण्यासारखा असतो आणि पट्टा ओढला की किंवा आनंदाने उड्या मारताना येतो. हृदय मोठं होऊन श्वासनलिकेच्या फांदीवर दाब आला तरीही खोकला येतो. पण खोकला असूनही झोपेतला श्वास 20 च्या आसपास असेल तर त्या घडीला फुप्फुसात पाणी असण्याची शक्यता कमीच. खोकल्याचा व्हिडिओ काढा. दवाखान्याच्या टेबलावर कुत्रा नेमका खोकत नाही.

चक्कर आणि फीट यांची गल्लतही रोजची. हृदयामुळे येणारी चक्कर बहुतेक वेळा धावताना, उत्साहात किंवा खोकताना येते. प्राणी अचानक लुळा पडतो, काही सेकंदांत उठतो आणि काही झालंच नाही असा वागतो. फीट पुष्कळदा आराम करताना येते. त्यात लाळ गळते, जबडा कडकड वाजतो, पाय वल्ह्यासारखे चालतात, आणि नंतर बराच वेळ तो गोंधळलेला असतो, कधी आपल्याच माणसांना ओळखत नाही. दोन्हींचे उपचार अगदी वेगळे, म्हणून इथेही मोबाइलवर काढलेले वीस सेकंद मोलाचे.

कोणत्या कुत्र्याला कशाचा धोका

अमेरिकेतल्या पशुहृदयतज्ज्ञांच्या अंदाजाप्रमाणे कुत्र्यांच्या हृदयविकारांत सुमारे 75 टक्के वाटा एकट्या मायट्रल झडपेच्या झिजेचा आहे. डाव्या बाजूच्या दोन कप्प्यांमधली ही झडप वयानुसार जाड आणि गाठाळ होते, घट्ट मिटत नाही आणि रक्त उलटं फिरतं. पॉमेरेनियन, स्पिट्झ, डॅशहुंड, शिह त्झू, चिवावा ही तिची नेहमीची गिऱ्हाइकं, आणि कॅव्हेलियर किंग चार्ल्स स्पॅनियलमध्ये ती तरुणपणीच सुरू होते. यांची छाती पाचव्या वर्षापासून दरवर्षी मुद्दाम ऐकवून घ्या. रेबीजच्या इंजेक्शनला जाताच ना, तेव्हाच 'डॉक्टर, हृदय नीट ऐका' एवढं सांगायचं.

मोठ्या जातींमध्ये स्नायूच कमजोर होऊन हृदय फुगतं. डॉबरमनमध्ये हे प्रमाण भयावह आहे. युरोपातल्या एका मोठ्या अभ्यासात निम्म्याहून जास्त डॉबरमनना आयुष्यात कधी ना कधी हा विकार आढळला. आणि पहिलं लक्षण म्हणून थेट अचानक मृत्यू, असंही यांच्यात घडतं. मर्मर असेलच असं नाही, म्हणून नुसत्या स्टेथोस्कोपवर विसंबू नका. तिसऱ्या वर्षापासून दरवर्षी टू-डी एको आणि 24 तासांचा होल्टर, दोन्ही करावेत. होल्टर म्हणजे जाकिटाखाली बांधलेला छोटा ईसीजी. दिवसभरात खालच्या कप्प्यातून अवेळी उठणारे ठोके 300 च्या वर गेले तर डॉबरमनमध्ये विकार आहे असं मानतात; 50 ते 300 मध्ये असतील तर काही महिन्यांनी पुन्हा होल्टर. दवाखान्यातला पाच मिनिटांचा ईसीजी सरळ आला म्हणून डॉबरमन निर्धोक ठरत नाही. बॉक्सर आणि ग्रेट डेन पाळणाऱ्यांनीही हे लक्षात ठेवावं.

पिल्लू घरी आणलं असेल तर सहा-आठ आठवड्यांच्या पहिल्या लसीच्या वेळीच छातीच्या दोन्ही बाजू आणि डाव्या काखेत अगदी वरपर्यंत ऐकायला सांगा. गर्भातली एक रक्तवाहिनी जन्मानंतर मिटायची राहून गेली तर त्या जागी यंत्राच्या घरघरीसारखा अखंड आवाज येतो. वेळेत शस्त्रक्रियेने किंवा कॅथेटरने ती बंद केली तर पिल्लू सहसा पूर्ण आयुष्य जगतं. हृदयविकारात असा कायमचा इलाज क्वचितच मिळतो, म्हणून ही संधी दवडू नका. बारीकशी मर्मर मात्र अनेक निरोगी पिल्लांत असते आणि चार-पाच महिन्यांची होईपर्यंत जाते. नाही गेली तर एको.

बदली होऊन आसाम-मिझोरामकडे जाणाऱ्यांनी डासांतून पसरणाऱ्या हृदयकृमीवरचं प्रतिबंधक औषध आधीच विचारून घ्यावं. त्या भागात हे जंत चांगलेच पसरलेले आहेत.

मांजरांचं गणित वेगळं

मांजरांमध्ये हृदयाची भिंत जाड होण्याचा विकार सर्वाधिक. सुमारे 15 टक्के मांजरांत तो आढळतो, आणि पुष्कळांना आयुष्यभर त्रास होत नाही. अडचण अशी की मर्मर असलेल्या अनेक मांजरांचं हृदय ठणठणीत असतं, आणि आजारी हृदय असलेल्या कित्येकांना मर्मर नसते. शिवाय हृदय निकामी झालं तरी मांजर सहसा खोकत नाही. ते फक्त कमी हलतं. कपाटावर चढणारं मांजर पलंगापर्यंतच उडी मारू लागलं, खेळता खेळता तोंड उघडून धापलं, अंग आक्रसून पोटावर बसून राहिलं आणि प्रत्येक श्वासाला पोट आत-बाहेर होताना दिसलं, तर 'म्हातारं झालं' म्हणून सोडून देऊ नका.

मेन कून आणि रॅगडॉलमध्ये या विकाराशी निगडित जनुकीय बदल अनुक्रमे 2005 आणि 2007 मध्ये सापडले. त्यांची चाचणी गालाच्या आतल्या नमुन्यावर होते. पण चाचणी 'नाही' आली म्हणजे आजार होणारच नाही असं नव्हे, कारण इतरही कारणं आहेत. खात्री एकोनेच होते: डाव्या खालच्या कप्प्याची भिंत 6 मिलिमीटर किंवा जास्त असेल तर ती जाड धरतात. त्याआधी रक्तदाब आणि वयस्क मांजरात थायरॉइड तपासलेच पाहिजेत, कारण दोन्हींमुळे भिंत जाड होते आणि दोन्हींवर औषध आहे. रक्तदाब 160 च्या वर सातत्याने येतो का ते बघा. पहिलं माप पिंजऱ्यातून काढल्यावर लगेच घेऊ नये, घाबरलेल्या मांजराचा चढलेलाच येतो.

एको शक्य नसेल तर एनटी-प्रोबीएनपी (ताण पडलेल्या हृदयातून रक्तात येणारा घटक) ही रक्ततपासणी उपयोगी. मांजरात आकडा 100 पिकोमोल प्रति लिटरच्या वर गेला तर एको करावाच. सौम्य आजार मात्र या तपासणीतून निसटतो.

आहाराचा एक मुद्दा आपल्या घरांसाठी विशेष. मांजराचं शरीर टॉरिन हे हृदयाला लागणारं पोषकद्रव्य पुरेसं बनवू शकत नाही. ते मांस-मासळीतूनच यावं लागतं. टॉरिन कमी पडलं की मांजराचं हृदय फुगतं आणि दिलं की पुष्कळदा पूर्ववत होतं, हे 1987 मध्ये कॅलिफोर्नियातल्या संशोधकांनी दाखवलं. दूध-भात, दूध-पोळी यावर मांजर जगत असल्यासारखं वाटलं तरी आतून हृदय झिजत असतं. घर शाकाहारी असेल तर मांजराला निदान टॉरिन घातलेलं तयार मांजर-खाद्य द्या. कुत्र्याचं खाद्यही मांजराला पुरत नाही.

दवाखान्यात काय मागायचं

सुरुवात स्टेथोस्कोपनेच. मर्मरीची पायरी 1 ते 6 मध्ये सांगतात. ती विचारून लिहून घ्या, म्हणजे पुढच्या वर्षी तुलना होईल. एक्स-रेमध्ये फुप्फुसातलं पाणी दिसतं आणि हृदयाचा आकार मणक्यांच्या मापात मोजतात. कुत्र्यात हा आकडा 10.5 च्या वर गेला तर हृदय मोठं समजतात, पण पग आणि लॅब्रॅडॉरमध्ये तो निरोगी असतानाही मोठा येऊ शकतो, त्यामुळे एकाच एक्स-रेवर आयुष्यभराचं औषध सुरू करू नका. धाप लागलेल्या प्राण्याला एक्स-रेसाठी उताणं झोपवू देऊ नका; आधी ऑक्सिजन, मग एक्स-रे.

टू-डी एकोला भूल सहसा लागत नाही. काखेजवळचे थोडे केस काढतात, कुशीवर झोपवून तपासतात. तुम्ही डोक्याशी थांबून बोलत राहिलात तर बहुतेक कुत्रे शांत राहतात. नेहमी प्राण्यांचाच एको करणाऱ्यांकडे जा, कारण इथली मापं वजनाप्रमाणे आणि जातीप्रमाणे बदलतात. तुमच्या गावात सोय नसेल तर परळ, नागपूर, शिरवळ, परभणी, उदगीर इथल्या पशुवैद्यकीय महाविद्यालयांच्या रुग्णालयात चौकशी करून, वेळ ठरवून जा.

अहवालात फक्त 'हृदय मोठं' असं नको, आकडे हवेत. 2019 च्या आंतरराष्ट्रीय मार्गदर्शक तत्त्वांनुसार झडपेच्या विकाराचे ए, बी-1, बी-2, सी, डी असे टप्पे आहेत. ए म्हणजे फक्त जातीमुळे धोका. बी-1 मध्ये मर्मर आहे पण हृदय वाढलेलं नाही. औषध नको, फक्त लक्ष. मर्मर 3 किंवा जास्त, डावा वरचा कप्पा महाधमनीच्या 1.6 पट किंवा मोठा आणि वजनाशी जुळवलेलं डाव्या खालच्या कप्प्याचं माप 1.7 किंवा जास्त असेल तर बी-2. इथे पिमोबेंडन हे हृदयाचं आकुंचन बळकट करणारं औषध सुरू करायचं. 2016 मध्ये आलेल्या, 360 कुत्र्यांवरच्या चाचणीत या टप्प्यावर ते दिल्याने हृदय निकामी होणं सरासरी 15 महिने लांबलं. शांत काळात आजार शोधायचा तो या पंधरा महिन्यांसाठी. सी म्हणजे फुप्फुसात पाणी येऊन गेलंय, आणि डी म्हणजे नेहमीच्या औषधांना तो दाद देत नाही.

औषधं सुरू झाल्यावर

पिमोबेंडन दिवसातून दोनदा, रिकाम्या पोटी, जेवणाआधी साधारण तासभर. फुप्फुसातलं पाणी काढण्यासाठी दिलेल्या फ्युरोसेमाइडने लघवी वाढते, तहान वाढते. घरात ओलं होतं म्हणून पाण्याचा वाडगा उचलून ठेवणारे भेटतात. त्याने मूत्रपिंडांची वाट लागते. पाणी कायम भरलेलं हवं. ही गोळी सुरू केल्यावर एक-दोन आठवड्यांत रक्तातलं क्रिएटिनिन (मूत्रपिंडांचं काम कळतं) आणि पोटॅशियम तपासा. एक डोस चुकला तर पुढच्या वेळी दुप्पट देऊ नका.

वेफर्स, फरसाण, पापड, चीज, खारवलेली सुकी मासळी बंद. गोळी चीजमध्ये लपवायची सवय असेल तर बिनमिठाच्या उकडलेल्या चिकनच्या तुकड्यात लपवा. माणसांच्या बीपीच्या गोळ्या घरात आहेत म्हणून अंदाजाने देऊ नका.

आणि सलाईन. जेवत नाही म्हटलं की 'एक बाटली लावा डॉक्टर' असा आग्रह आपल्याकडे सर्रास होतो. आजारी हृदयाला ती बाटली झेपत नाही, पाणी थेट फुप्फुसात जातं. लपलेल्या हृदयविकाराची मांजरं नसबंदीनंतरच्या सलाईनने किंवा स्टेरॉइडच्या इंजेक्शनने अचानक कोसळतात. भूल, दातांची सफाई, नसबंदी, काहीही असो, मर्मर माहीत असेल तर आधी सांगा आणि श्वासाची वही सोबत न्या.

तातडीची वेळ

मांजर तोंड उघडून श्वास घेतंय. कुत्रा मान ताणून, कोपरं बाहेर काढून बसलाय, आडवा होत नाही. जीभ निळसर झाली. यातलं एकही दिसलं तर लगेच निघा. मांजराचे मागचे पाय अचानक लुळे पडले, थंडगार झाले, तळवे फिकट किंवा निळे पडले आणि ते कळवळून ओरडतंय, तर हृदयात झालेली गुठळी महाधमनीच्या टोकाला अडकलेली असू शकते. याला पुष्कळजण पडून लागलं किंवा साप चावला समजतात आणि तास फुकट जातात. पाय चोळू नका, गरम पाण्याची पिशवी लावू नका, माणसांच्या वेदनाशामक गोळ्या देऊ नका. पॅरासिटामॉल मांजराचा जीव घेतं.

निघण्याआधी दवाखान्यात फोन करून ऑक्सिजन तयार ठेवायला सांगा. गाडीत एसी लावा किंवा खिडकी उघडी ठेवा. प्राण्याला ज्या स्थितीत श्वास घेता येतोय त्याच स्थितीत बसू द्या, छातीवर दाब येईल असं कवटाळून धरू नका, तोंडात पाणी ओतू नका. मांजराची टोपली पूर्ण कपड्याने झाकू नका, आत हवा खेळू द्या. सोबत चालू औषधांच्या पट्ट्या, जुने एक्स-रे आणि एको, आणि शेवटच्या डोसची वेळ लिहिलेला कागद घ्या.